बाकावरून उतरायची तालीम

मी एक जुना मालिशचा बाक आहे. नाक मुरडू नका, मित्रांनो. नदीची, फाटक्या पुस्तकाची, मोडक्या छत्रीची आत्मवृत्तं तुम्ही शाळेत पानंच्या पानं भरून लिहिता. माझ्यावर कोणी लिहीत नाही, कारण मला घामाचा आणि गंधपुऱ्याच्या तेलाचा वास येतो. म्हणून माझं मीच सांगतो. गोड सांगता येईल असं मात्र समजू नका.

बहरीनमधल्या सलमाबादला, पत्र्याच्या एका शेडमध्ये, जैनुद्दीन सुताराने मला घडवलं. तो मूळचा श्रीवर्धनचा. मीना सलमान बंदरात यंत्रं घेऊन आलेली खोकी फोडून त्याने माझ्या फळ्या काढल्या. माझ्या पोटाखाली अजून एक बाण आणि 'ही बाजू वर' असे शब्द छापलेले आहेत. बाणाचं टोक जमिनीकडे आहे. वरचं काळं रेक्झिन एका कॉफीच्या दुकानातल्या सोफ्यांचं उरलेलं. तोंड घालायला भोक पाडायची वेळ आली तेव्हा माप कुणाचं घ्यायचं? जैनुद्दीनने स्वतःचंच तोंड फळीवर टेकवलं आणि चाचपडत भोवतीने पेन्सिलीची रेघ मारली. 'दाढीसकट बसला पायजे,' म्हणाला.

त्या भोकातून आजवर किती देशांच्या माणसांनी खालची फरशी पाहिली, त्याचा हिशेब नाही. समोर तोंड नसलं, नुसती फरशी असली, की माणसं खरं बोलतात. मला जे काही कळतं ते त्या भोकातून गळलेलं आहे.

मला घेतलं एका फुटबॉल क्लबाने. बेताचाच क्लब. अर्धे खेळाडू तिथलेच. कोणी अग्निशमन दलात, कोणी बँकेत, एक तर शाळेत पीटीचा मास्तर. दिवसभर नोकरी करून संध्याकाळी सरावाला यायचे. उरलेले परदेशी, करारावर आणलेले. त्यांची नोकरी म्हणजे त्यांचे पाय. पाय चालले की व्हिसा चालला.

ते पाय सांभाळायला प्रबुद्ध होता. बल्लारपूरचा. वडील कागद कारखान्यात कामाला, पोरगा नागपुरात फिजिओथेरपीची पदवी घेऊन इथे आला. पण क्लबाने त्याचा व्हिसा काढला 'मसाजर' म्हणून, तो लवकर निघत होता म्हणे. सहा वर्षं झाली, रेसिडेंट कार्डावर तोच शब्द आहे. त्याच्या आजोबांना गावातल्या बड्या लोकांच्या अंगणात पाय ठेवू देत नसत. इथे चांगल्या चांगल्यांचे पाय आपणहून त्याच्या हातात येतात. प्रबुद्ध पाय धरायला आलेला नाही, पाय वाचवायला आलेला आहे. हा फरक ज्याला कळत नाही त्याने पुढे वाचू नये.

त्याची एक रीत होती. कुठे दुखतं, असं तो विचारायचाच नाही. खेळाडू लपवतात. दुखतंय म्हटलं की संघाबाहेर. प्रबुद्ध माणूस माझ्यावरून उतरताना बघायचा. चढताना प्रत्येक जण सावध असतो. मालिश झाली, अंग सैल पडलं, की उतरताना ज्या पायावर भरवसा तोच पाय आधी खाली जातो. नेहमीचा पाय बदलला की प्रबुद्धला कळायचं. एकदा मोठेपणा मिरवायला त्याने ही युक्ती क्लबाच्या मॅनेजरलाही सांगितली. मॅनेजर तिथलाच, सगळे त्याला मुदीर म्हणायचे. ही बढाई पुढे महागात पडली.

आता रामिरो. चौतीस वर्षांचा, अर्जेंटिनाचा, मैदानाच्या डाव्या कडेने पळणारा विंगर. अर्जेंटिना म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे पोस्टरं येतात. रामिरोचं पोस्टर जगातल्या एकाही भिंतीवर नाही. अकरा क्लब झाले, आठ देश झाले. बोलिव्हियात दम लागला. ग्रीसमध्ये क्लबच बुडाला. सायप्रसला कोच बदलला आणि नव्या कोचने आपला भाचा आणला. मग गोवा एक हंगाम, कोलकाता एक हंगाम. तिथे तो हिंदी शिकला, शिव्या आधी आणि क्रियापदं नंतर. एका जागी दुसरा हंगाम त्याच्या नशिबात कधी आला नव्हता. माझ्यावर पालथा पडला तरी पाय स्वस्थ नाहीत. डोळा लागला तरी पोटऱ्या धावत असायच्या.

'सीधा सो ना रे बाबा,' प्रबुद्ध म्हणायचा.

'मैं सीधा है भाई. टेबल टेढ़ा है.'

मी टेढ़ा नव्हतो. आजही नाही.

त्याची मुलगी मायलेन नऊ वर्षांची. नऊ वर्षांत पाच शाळा. बहरीनमधल्याच जुफैरच्या शाळेत तिला पहिल्यांदा जिवाभावाची मैत्रीण मिळाली, पुण्याच्या एका अकाउंटंटची स्पृहा. एकदा रामिरो भोकातून फरशीला म्हणाला, 'प्रबुद्ध, आज मेरी बेटी बोला, माय स्कूल. पहले कभी नहीं बोला.' त्या दिवशी पाय मात्र स्वस्थ होते.

त्याला आणखी एक हंगाम हवा होता. इथेच. मायलेनला पुढच्या वर्षी त्याच वर्गातल्या मुलांबरोबर वरच्या वर्गात जाता यावं, एवढंच.

जानेवारीत अर्धा हंगाम झाला की परदेशी खेळाडूंची नवी यादी पाठवतात. जागा मोजक्या. यादीत नाव नसलं की करार संपला, करार संपला की व्हिसा, आणि व्हिसाच्या मागोमाग शाळा. यादी गुरुवारी दुपारी जायची होती. सोमवारी रामिरो माझ्यावरून उतरला तो उजवा पाय आधी टाकून. चार महिन्यांत पहिल्यांदा.

'कबसे?' प्रबुद्धने विचारलं.

'क्या कबसे?'

'मेरेको मत बना.'

'शनिवार,' रामिरो म्हणाला.

प्रबुद्धने त्याला परत झोपवून डाव्या मांडीचा मागचा स्नायू बोटांनी चाचपला. माझ्या रेक्झिनवर रामिरोची नखं रुतली.

'थोडा फटेला है. तीन हफ्ता आराम, फिर पहले जैसा. अभी दौड़ा तो पूरा फटेगा. फिर खलास.'

'तीन हफ्ता बाद लिस्ट भी खलास. तू फिट बोल. बस नाम जाने दे. मैं तो बेंच पे बैठता है, आखरी बीस मिनट खेलता. बोलेगा बुखार है, पेट है. तीन हफ्ता निकल जाएगा.'

प्रबुद्धने कोपऱ्यात कपड्यांच्या घड्या घालणाऱ्या खंडूकडे पाहिलं. खंडू फलटणकडचा, खेळाडूंचे कपडे-बूट त्याच्या ताब्यात.

'काय करू, खंडूभाऊ?'

'मला काय इचारता डाक्टर? मी चड्ड्या धुतो.' खंडूने आणखी एक घडी घातली. 'पोरगी ग्वाड हाय पर. परवा मला म्हनली, काका जेवलात का? त्या स्पृहाकडनं शिकलीया.'

झालं. तिथेच प्रबुद्ध विरघळला.

पण मुदीर उतरताना बघणार, हे प्रबुद्धला ठाऊक होतं. त्यानेच तर शिकवलं होतं. तेव्हा रामिरोने नेहमीसारखा डावा पाय आधी टाकायला हवा, आणि तोंडावरची सुरकुतीही हलायला नको. म्हणून मंगळवारी आणि बुधवारी, दुपारच्या वेळी, दार लावून घेऊन, चौतीस वर्षांच्या माणसाला बाकावरून उतरायला शिकवण्याचं काम चाललं. हसा, हसून घ्या.

खंडूने डोक्यावर टॉवेल टाकला, त्यावर बुटाची नाडी गुंडाळली आणि बादली पालथी घालून मुदीर होऊन बसला. 'यल्ला! उतरा!'

रामिरो उतरला.

'ह्ये काय थोबाड! एरंडेल प्याल्यागत. परत चढा.'

'हाथ पे वजन डाल,' प्रबुद्ध सांगत होता. 'तळवा टेबलच्या कडेपे. पाय को सिर्फ जमीन दिखा, वजन मत दे.'

सोळा-सतरा वेळा झालं. त्याचा सगळा भार एका तळव्यावर आणि तो तळवा माझ्या कडेवर. माझं रेक्झिन तिथे उसवलं ते अजून तसंच आहे. बुधवारी शेवटच्या वेळी रामिरो असा उतरला, की मलासुद्धा वाटलं, बरा झाला की काय!

'आयुष्यभर लोकाइले सरळ चालाले शिकवलं,' हात पुसत प्रबुद्ध म्हणाला, 'अन् आता हे करून राहिलो.'

'हुतंय तवर करायचं, डाक्टर,' टॉवेल काढत खंडू म्हणाला.

गुरुवारी मुदीर आला. हातात यादी. प्रत्येक नावापुढे दोन चौकोन होते, एक फिटचा, एक अनफिटचा.

'हां मसाज, बोलो. रामिरो. फिट, नो फिट?'

प्रबुद्ध म्हणाला, 'फिट.'

'उतरो, हबीबी.'

रामिरो उतरला. डावा पाय आधी. वर आणखी शीळ घातली, ती तालमीत नव्हती. मुदीर खूश. त्याने पहिल्या चौकोनात खूण केली आणि रामिरोच्या पाठीवर धपकन थाप मारली.

'खलास! कल तुम शुरू से खेलेगा. पूरा नब्बे मिनट. उनका राइट बॅक बुड्ढा है, दौड़ाओ उसको!'

पकडले गेलो तर काय, याचा विचार दोन दिवस चालला होता. विश्वास बसला तर काय, हे कुणाच्याच डोक्यात आलं नव्हतं. बुखार आणि पेट कुठल्या कुठे पळाले. आत्ता शीळ घालणाऱ्या माणसाला उद्या ताप कसा येणार?

'हां मुदीर,' रामिरो म्हणाला. 'नब्बे मिनट.' त्याचा हात माझ्या कडेवरून सुटत नव्हता.

मुदीर दाराकडे वळला. प्रबुद्ध रामिरोकडे बघत होता. रामिरोने अगदी बारीक मान हलवली. नको, बोलू नको.

'नहीं,' प्रबुद्ध म्हणाला.

'क्या नहीं?'

'कल नहीं खेलेगा. मैं झूठ बोला, मुदीर.'

'चुप!' रामिरो ओरडला. 'चुप बैठ!'

'फटेला है. कल दौड़ा तो जिंदगी में नहीं दौड़ेगा. तीन हफ्ता दे दो. सिर्फ तीन. नाम रहने दो, बाद में देखो कैसा भागता है.'

मुदीर परत आला. यादी माझ्यावर ठेवली. चिडलेला नव्हता, कंटाळलेला होता, आणि तेच मला जास्त लागलं. 'मैंने पूछा फिट, नो फिट. तीन हफ्ता कौन पूछा?' त्याने रामिरोच्या नावावर रेघ ओढली. पेनाचा दाब कागदातून माझ्या रेक्झिनपर्यंत आला. 'और तुम मसाज हो. मसाज रहो.'

प्रबुद्धला त्याच दिवशी घरी पाठवायचं ठरत होतं. पण दुसऱ्या दिवशी सामना होता, बावीस घोटे बांधायचे होते आणि दुसऱ्या कुणाला ते येत नव्हतं. म्हणून तो राहिला. माणसं अशीही वाचतात.

मुदीर गेल्यावर रामिरो म्हणाला, 'मेरा पैर था. तेरा नहीं था.' पुढे तो खोलीत फिरकला नाही. मायलेनचं नाव शाळेतून काढलं, हे खंडूला कुणाकडून तरी कळलं. ते ऐकून प्रबुद्धने संध्याकाळभर तीच एक पट्टी गुंडाळली आणि सोडली.

प्रबुद्धने बरोबर केलं का? मी बाक आहे, न्यायाधीश नाही. खोटं बोलला हे खरं. खोटं मोडलं हेही खरं. मला राग आहे तो त्या दोन चौकोनांचा.

रामिरोच्या जागी बावीस वर्षांचा नवा विंगर आला. कानात सदा गाणी. तो माझ्यावर चक्क झोपतो, पाय ओंडक्यासारखे. मला ते सोसत नाही.

बावीस-तेवीस दिवस गेले असतील. दुपारी प्रबुद्ध त्या नव्या पोराची पोटरी चोळत होता. दार उघडून रामिरो आत आला. त्या संध्याकाळी त्याचं विमान होतं. कुठे, ते मला कळलं नाही. बारावा क्लब. त्याने कुणाकडे पाहिलं नाही. खंडूने त्याचे बूट पुढे केले. ते घेऊन तो दाराशी पोचला. तिथे भिंतीवर नवी यादी लावलेली होती. तो थांबला, वाचली, आणि दारावर लाथ घातली.

डाव्या पायाने. होता नव्हता तेवढा जोर काढून. पत्रा टोपल्यासारखा आत गेला. नव्या पोराने कानातली गाणी काढली.

रामिरो एका पायावर उभा. डावा पाय हवेत. कळ यायची वाट बघत होता. आली नाही. त्याने पाय हळूच जमिनीला टेकवला, मग सगळा भार दिला. मांडीकडे पाहिलं, मग प्रबुद्धकडे. बूट काखेत मारले आणि बाहेर पडला. बाहेरच्या फरशीवर पावलं ऐकू आली, आधी चालती, मग पळती.

'पाह्यलं का, खंडूभाऊ?' प्रबुद्धचे हात त्या पोराच्या पोटरीवर तसेच थांबले होते. 'दुखलं नाई त्याले.'

'आन दाराचं काय?'

'दार गेलं खड्ड्यात.'

मित्रांनो, माझं रेक्झिन फाटलंय. चिकटपट्टी लावली तर बरं, न लावली तरी मी लाकूड आहे, भागेल. माणसाचं तसं भागत नाही. उद्या तुमच्यापैकी कुणी मोठं होईल, खुर्चीत बसेल, हातात माणसांच्या नावांची यादी येईल. तेव्हा फिट आणि अनफिट या दोन चौकोनांच्या मध्ये 'तीन आठवडे' लिहिण्यापुरती जागा ठेवा. छापील कागदावर नसली, तर पेन तुमच्याच हातात असेल. स्वतः आखा.