मधला पडदा

मी पडदा बोलतोय. माझा जन्मच भांडणातून झाला. शिंप्याला मास्तर म्हणाले, "कसाही शिव, पण आजच दे."

मास्तर आणि त्यांचा मेहुणा, दोघेही चित्रकार. कलाशाळेपासूनचे दोस्त. पुढे मास्तरांनी दोस्ताच्या बहिणीशी लग्न केलं आणि दोस्ताचा मेहुणा झाला. तिघं एकाच लांबलचक खोलीत राहायची. दोघांची रोज खडाजंगी व्हायची, ती मध्ये पडून मिटवायची. दोन वर्षांपूर्वी ती गेली.

मास्तर आठवणीतून तिचं चित्र काढत होते. चेहरा काही केल्या जमेना. एक दिवस ते बाहेर गेले असताना मेहुण्यानं त्या चेहऱ्यावर हसू काढून ठेवलं. परत आल्यावर मास्तरांनी सुरीनं अख्खा चेहरा खरवडून टाकला.

"ताई काय अशी सुतकी तोंडानं बसायची?" मेहुणा ओरडला.

"माझी बायको होती ती!"

"माझी बहीण नव्हती?"

त्याच संध्याकाळी मला खोलीच्या मधोमध टांगलं. खिडकी मेहुण्याकडे गेली, शेगडी मास्तरांकडे. मेहुणा माझ्याखालून रिकामा कप सरकवायचा. मास्तर न बोलता चहा भरून परत सरकवायचे. सकाळी मेहुणा मला वीतभर बाजूला सारायचा, मास्तरांच्या चित्रावर उजेड पडावा म्हणून. विचारलं असतं तर कानांवर हात ठेवले असते त्यानं.

असे चार महिने गेले. मग एका दुपारी मास्तर हळूच म्हणाले, "ऐकतोस का रे? तिच्या हनुवटीवर खूण होती. कुठल्या बाजूला?"

पलीकडून मेहुणा माझ्याजवळ आला.

"डाव्या. लहानपणी मीच ढकललं होतं तिला पायरीवरून. आईला तिनं सांगितलं, पाय घसरला."

"मला आठवेना रे," मास्तर म्हणाले. "दोन वर्षांत विसरलो मी."

मेहुणा मला बाजूला सारून आत आला. मास्तरांनी ब्रश त्याच्या हातात दिला. "तूच काढ."

त्यानं ब्रश हनुवटीजवळ नेला. मास्तर पाठीशी उभे राहिले. "सावकाश. घाई नाही."

ओठांवरून पुढे तीन आठवडे भांडले, पण समोरासमोर. चित्र पुरं झालंय. ओठ मिटलेले, तरी आता हसेल असं वाटतं.

काल मला खाली उतरवलं. ब्रश पुसायला चिंध्या करायच्या म्हणतात. खुशाल फाडा. फक्त माझी वाटणी करू नका. दोघांच्या मध्ये एकच डबा ठेवा, त्यात मला टाका.