तिन्ही डोस पाजलेली मुले

१९९५ च्या नोव्हेंबरात शिराळा तालुक्यातल्या कासारमाळ आरोग्य केंद्राच्या हद्दीत तीन मुलांचे पाय लुळे पडले. तिघांनाही ऑगस्ट ते ऑक्टोबरात पोलिओचे तिन्ही डोस पाजलेले होते. शेजारच्या केंद्राला त्याच खोक्यातली लस मिळाली होती; तिथे एकही मूल आजारी पडले नाही.

डॉ. संयोगिता निकम यांना कासारमाळला रुजू होऊन जेमतेम दोन महिने झाले होते. गावात कुजबुज सुरू झाली तेव्हा त्यांनी आधी रोगावरच शंका घेतली. नमुने मुंबईच्या प्रयोगशाळेत गेले. पोलिओचाच विषाणू, असे उत्तर आले. मग त्यांना डोसांविषयी शंका आली. कागदावर पाजलेले डोस तोंडात पडतातच असे नाही, म्हणून त्या घरोघर गेल्या. आयांनी वार सांगितले, कोण रडले आणि कोणी थेंब थुंकले तेही सांगितले. डोस दिले गेले होते. राहता राहिला फ्रिज. त्याच्या तापमानाचा तक्ता जुलैपासून अखंड होता, चार ते सहा अंशांच्या आत, आणि त्यात खाडाखोड नव्हती. सगळेच बरोबर निघत होते, आणि याचीच त्यांना धास्ती वाटू लागली होती.

डिसेंबरात देशभर एकाच दिवशी लहान मुलांना पोलिओचे थेंब पाजायचे होते. सांगलीच्या बैठकीत सांगितले गेले होते की अमेरिका खंडांतून हा रोग गेल्या वर्षीच हद्दपार झाल्याचे जाहीर झाले आहे, आता आपली पाळी आहे. त्यावर वाजलेल्या टाळ्या संयोगितांना आता आठवत नव्हत्या. लस निकामी होती तर ऑगस्टनंतर डोस घेतलेले प्रत्येक मूल रोगापुढे उघडे पडले होते, आणि विषाणू गावच्या गटारात होता. निकामी का झाली हे कळल्याशिवाय नवा साठा त्याच केंद्रात उतरवायचा कसा? लागू पडेल या आशेवर आपल्याच हाताने पाजायचे आणि महिन्याने चौथ्या मुलाचा पाय चाचपायला जायचे?

धैर्यशील हा तिघांतला सर्वांत धाकटा. त्याची आजी चंद्राबाई त्याला मांडीवर घेऊन बसली होती. उजवा पाय मांडीवरून चिंधीसारखा लोंबत होता.

"या डाक्टरीणबाई," ती म्हणाली. "पाय बघायला आलासा? बघा. काल हुता तसाच हाय."

"आजी, डिसेंबरात परत थेंब द्यायचेत. याला आणि याच्या मोठ्या बहिणीलाही."

"आवं, तीनदा पाजलं की. चौथ्यांदा काय दुसरा पाय न्यायचाय व्हय?"

"थेंबांनी पाय गेला नाही."

"मग कशानं गेला? सांगा. तेवढं सांगा, सगळी आळी घिऊन येते."

खोटे उत्तर देण्याची संयोगितांना सवय नव्हती. "अजून ठाऊक नाही," त्या म्हणाल्या.

"तवा मग ठाऊक झाल्यावर या," म्हातारी म्हणाली, आणि नातवाच्या पायावर पदर ओढला.

संयोगिता केंद्रात परतल्या तेव्हा शिपाई कोंडीबा मोहिमेसाठी टेबले पुसत होता. वीस वर्षे तो या केंद्रात होता. डॉक्टर येत, जात, कोंडीबा राही.

"म्याडम, टेम्पो आत्ताच सांगून ठिवू का? मागनं मिळत न्हाई."

"टेम्पो कशाला?"

"मोहिमेच्या जागी फ्रिज न्यायला. शिराळ्याला नेतो तसा. चार गडी लागत्यात, लय जड हाय."

संयोगिता खुर्चीत बसल्या. "शिराळ्याला कधी नेता?"

"नागपंचमीला. आवं, नाग धरायला लोक रानात जात्यात तवापासनं ते नाग सोडेपातुर तिथं दवाखाना उघडत्यात. कुणाला डसलं तर? सापाचं औषध गार लागतंय. आपला फ्रिज मोठा हाय, म्हणून आपलाच जातो. यंदा पंधरा-वीस दिस हुता तिथं."

"आणि तक्ता?"

"फ्रिजच्या दारालाच चिकटवल्याला. तिथला कंपौंडर दिसातनं दोन येळा भरायचा, लय काटेकोर माणूस."

"कोंडीबा," त्या हळू म्हणाल्या, "त्या दिवसांत आपली लस कुठे होती?"

"हितंच. त्या औषधानं फ्रिज गच्च भरला, हिला जागा न्हवती. बर्फाच्या पेटीत ठिवली, पर बर्फ दोन दिसांत इतळला. मग नवा माठ आणला, वल्या वाळूत बसवला, वर वलं फडकं." त्याच्या स्वरात थोडा अभिमान होता. "तुमच्या आदीच्या साहेबांनी हात घालून बघितलं. म्हणाले, गार हाय रं. फ्रिज आला की परत आत ठिवली."

संयोगितांनी माठ मागवला. कोंडीबाने तो वाळूत बसवून, फडके भिजवून, होता तसा मांडला. तापमापक आत सोडून त्या दुपारभर समोर बसून राहिल्या. बाहेर उन्हे उतरली तरी पारा बावीस अंशांच्या खाली गेला नाही. नोव्हेंबरात बावीस; पावसाळ्यात हवा दमट असते, फडके वाळत नाही आणि माठ गार होत नाही, तेव्हा आणखी वर.

त्यांनी उरलेल्या कुप्या फ्रिजमधून काढून वेगळ्या बांधल्या आणि जिल्ह्याच्या अधिकाऱ्यांना लिहायला घेतले:

"जुलैत आलेली लस नागपंचमीच्या काळात पंधरा ते वीस दिवस फ्रिजबाहेर, मातीच्या माठात होती. माठ पिण्याचे पाणी गार ठेवतो. या लसीला आठ अंशांहून कमी तापमान लागते. त्या उष्णतेत तिच्यातला विषाणू मेला. नंतर ती पुन्हा गार केली. गार केल्याने मेलेली लस जिवंत होत नाही. ऑगस्टपासून मुलांना पाजलेले थेंब निकामी होते. तापमानाचा तक्ता खरा आहे, पण तो फ्रिजचा आहे आणि त्या दिवसांत फ्रिज शिराळ्यात होता. शेजारच्या केंद्राचा फ्रिज हलवला गेला नाही."