ओटच्या वड्या

शेफालीने तिसऱ्या डब्याचं झाकण उघडलं आणि डबा नाकाशी नेला. तांदळाचं पीठ. झाकण लावून तिने पुढचा डबा ओढला.

"त्यात साखर हाय," दारातून सगुणाबाई म्हणाल्या.

शेफालीचा हात झाकणावरच थांबला. सासूबाई कधी येऊन उभ्या राहिल्या ते तिला कळलं नव्हतं.

"मी आपलं बघत होते, आई."

"बघ की. फळीवरचेबी खाली काढून देऊ का?"

आवाजात राग नव्हता. निदान ऐकू येईल असा नव्हता. शेफालीने साखरेचा डबाही उघडून पाहिलाच.

घरात शेंगदाणा नाही, असं तिच्या नवऱ्याने, स्वरूपने, तिला चारचारदा सांगितलं होतं. दाणे नाहीत, कूट नाही, शेंगतेलसुद्धा नाही. पण दोन वर्षांपूर्वीच्या दिवाळीतही त्याने आईला सगळं नीट समजावलं होतंच. तेव्हा त्यांची मुलगी जुई चार वर्षांची होती, आणि तिला शेंगदाण्याची ॲलर्जी होती. 'चिमूटभर कुटानं काय व्हतंय,' म्हणत आजीने आपल्या ताटातल्या वांग्याचा घास तिला भरवला, आणि भोरच्या दवाखान्यात पोचेपर्यंत पोरीचा चेहरा ओळखू येईनासा झाला होता. त्यानंतर शेफालीने या घरात पाऊल ठेवलं नव्हतं, जुईलाही पाठवलं नव्हतं. सगुणाबाईंनी त्या दिवसाविषयी पुन्हा कधी एक शब्द काढला नाही. चुकलं म्हणून नाही की आणखी कशासाठी नाही. ते गप्प राहणंच शेफालीला अजून सलत होतं.

आज नाताळची सुट्टी लागली होती. सकाळी यायचं, संध्याकाळी पुण्याला परत, असं तिने ठरवलं होतं. स्वरूपने मात्र जुईचे आठवडाभराचे कपडे एका बॅगेत भरून गाडीच्या डिकीत ठेवले होते. ते तिने पाहिलं होतं आणि 'बघू' एवढंच म्हणाली होती. आता स्वरूप वडिलांचे डोळे दाखवायला गाडी घेऊन भोरला गेला होता आणि घरात त्या दोघीच होत्या. बाहेर ओसरीवर जुई मांजराच्या पिल्लाशी बोलत होती.

ओटच्या वड्या ही जुईची मागणी. दर नाताळला शेफाली त्या करायची, आणि यंदा आजीकडे जायचं म्हटल्यावर जुईने अट घातली होती की वड्या आजीकडेच करायच्या. म्हणून शेफालीने छोटा विजेचा ओव्हन सोबत आणला होता. ओट, कणीक, गुळाची पूड, लोणी, मोजायची वाटी, चमचे, अगदी भांडी पुसायचं फडकंसुद्धा पुण्याहून आलं होतं. फक्त ताजी अंजिरं वाटेत कापूरहोळला घेतली होती. सगुणाबाईंनी सकाळीच घरच्या म्हशीच्या तुपाची बरणी ओट्यावर आणून ठेवली होती. ती तशीच होती.

अंजिरं चिरून, गूळ आणि लिंबाचा रस घालून तिने मंद आचेवर ठेवली. दुसऱ्या भांड्यात ओट, कणीक आणि लोणी एकत्र चोळायला घेतलं. सगुणाबाई भिंतीला टेकून बघत होत्या.

"म्या चोळू?"

"नको. होत आलंय."

सगुणाबाईंनी पुढे केलेले हात पदराला पुसले. हात कोरडेच होते.

बाहेरून हाक आली. शेजारच्या ठकुबाई अंगणात उभ्या होत्या. हातात सूप, सुपात भाजलेल्या शेंगांचा ढीग. अजून वाफ निघत होती.

"सगुणे, नात आलीया म्हनं! म्हटलं ताज्या ताज्या..."

शेफाली खिडकीशी पोचायच्या आत सगुणाबाई अंगणात होत्या. जाता जाता त्यांनी जुईला दंडाला धरून उचललं आणि घरात ढकललं. पोरीच्या हातातून पिल्लू निसटलं.

"थितंच थांब, ठकुबाई. पुढं येऊ नगं."

"आगं, का?"

"घरी ने त्या शेंगा."

"नातीसाठी आनल्यात. म्या काय परकी हाय व्हय गं?"

"जा म्हंते ना!"

ठकुबाईंचा चेहरा उतरला. आयुष्यभर दोघींच्या घरांतून भाजीची वाटी इकडून तिकडे गेलेली. त्या वळल्या, तशा दोन शेंगा सुपातून खाली पडल्या. सगुणाबाईंनी त्या चिमट्याने उचलून लांब उकिरड्यावर टाकल्या, अंगण झाडलं, पाणी मारलं, आणि मग कितीतरी वेळ त्या मोरीत हात धूत बसल्या.

शेफालीने खिडकीतून सगळं पाहिलं. काहीतरी बोलावं असं तिला वाटलं. पण अंजिरं तळाला लागायला आली होती.

तिने ओटच्या मिश्रणातलं निम्मं ट्रेमध्ये दाबून बसवलं, त्यावर अंजिराचा थर पसरला, वरून उरलेला चुरा भुरभुरला. ट्रे ओव्हनमध्ये सरकवून बटण फिरवलं. आतली लाल तार जेमतेम तापली असेल आणि वीज गेली.

"कधी येईल?"

"आली तर आत्ता येईल. न्हाई तर सांजच्याला."

जुई आत आली. "झाल्या का?"

"नाही अजून."

"पण कधी?"

शेफालीने ट्रे बाहेर काढला. लोणी सुटायला लागलं होतं. जुई ओट्याच्या कडेला हनुवटी टेकून ट्रेकडे बघत राहिली.

"चुलीवर व्हईल," सगुणाबाई हळूच म्हणाल्या. "पातेल्यात मीठ तापवायचं, वर झाकन, झाकनावर निखारं. आमी नानकटाई केलीया तशी."

"पातेलं कुठलं?"

विचारून झाल्यावर आपला स्वर शेफालीला स्वतःलाच टोचला. सगुणाबाई आतल्या खोलीत गेल्या. कॉटखालून काहीतरी ओढल्याचा आवाज झाला. त्या परत आल्या तेव्हा त्यांच्या हातात जाड बुडाचं पातेलं होतं, बाहेरून दुकानदाराची चिठ्ठी चिकटलेली.

"भोरच्या बाजारातनं आनलं. जुईसाठी येगळं ठिवलंय. म्या त्यात पानीसुदिक तापवलं न्हाई."

शेफालीने पातेलं हातात घेतलं, आतून बोट फिरवलं, पुन्हा धुतलं. सगुणाबाईंनी मिठाची नवी पिशवी दातांनी फाडली.

तापलेल्या मिठावर ट्रे ठेवून वड्या चुलीवर भाजायला वेळ लागला. दोघी चुलीसमोर बसल्या होत्या. एक निखारे सारत होती, दुसरी मध्येच झाकण किलकिलं करून बघत होती. धुराने दोघींच्या डोळ्यांना पाणी येत होतं. हळूहळू लोण्याचा आणि गुळाचा खमंग वास घरभर पसरला. जुई आतबाहेर करत होती. एकदा ती अंजिराच्या पिशवीपाशी घोटाळताना दिसली, पण शेफालीचं सगळं लक्ष झाकणावर होतं.

वड्या उतरवल्या, गार केल्या, सुरीने चौकोनी कापल्या. कडा जरा काळपट झाल्या होत्या. पहिली वडी शेफालीने स्वतः चाखली. थोडा वेळ थांबली. मग एक जुईला दिली. सगुणाबाई लांब, उंबऱ्यापाशी उभ्या होत्या. जुईने दोन घासांत वडी संपवली आणि दुसरी मागितली.

दुसरी हातात असतानाच ती ओठ खाजवायला लागली.

"आई, इथं चावतंय."

शेफालीने तिचं तोंड उजेडाकडे वळवलं. ओठांभोवती लाल चट्टे उठले होते. हनुवटीवरही.

"श्वास घे. मोठा घे. गळ्यात काही होतंय? जीभ दाखव."

जुई रडायला लागली. शेफालीने पर्समधली लाल पिशवी ओट्यावर रिकामी केली. औषधाची कुपी, सुई, सिरप. डॉक्टरांनी तिच्याकडून दहादा करून घेतलेलं सगळं बोटांना आठवत होतं. गाडी भोरला होती. एसटी दुपारनंतर नव्हती.

"पातेलं नवं होतं ना?" ती ओरडली. "खरं सांगा मला! नवं होतं ना?"

तिने वळून पाहिलं तर उंबऱ्यात कोणी नव्हतं. दार सताड उघडं होतं.

गेल्या, असं तिच्या मनात आलं. त्या दिवाळीतसुद्धा अशाच कोपऱ्यात जाऊन उभ्या राहिल्या होत्या.

तिने सुई भरून घेतली, जुईला मांडीवर ओढलं, तिच्या छातीला कान लावला. श्वास मोकळा होता. घरघर नव्हती. जीभ सुजलेली नव्हती. पोट दुखत नव्हतं. एका हातात सुई तशीच धरून ती मोठ्याने विचारत राहिली. इथं होतंय? आणि इथं? रडताना जुईने डोळे पुसायला हात वर केला. बोटं चिकट होती, त्यांवर पांढरट काहीतरी वाळलं होतं.

"हे काय लागलंय?"

जुईने हुंदका गिळला. "मी एक अंजीर घेतलं होतं. साल सोडवत होते. कडू होतं म्हणून टाकलं."

कच्च्या अंजिराचा चीक. शेफालीने तिचे हात आणि तोंड पाण्याने खळखळून धुतलं, पुन्हा धुतलं, सिरप पाजलं, आणि सुई जवळ ठेवून तिच्या चेहऱ्याकडे बघत बसली. चट्टे पसरले नाहीत. बऱ्याच वेळाने ते फिके पडायला लागले. जुई म्हणाली, "ती अर्धी वडी खाऊ का?"

तेवढ्यात बाहेर टेम्पो कर्कश्श थांबला. पुढच्या सीटवरून सगुणाबाई जवळजवळ पडतच उतरल्या. पायात चप्पल नव्हती. एका पायाच्या अंगठ्यातून रक्त येत होतं. मागोमाग खालच्या आळीचा सावळाराम, इंजिन चालूच ठेवून.

"चला, वहिनी, बसा. थेट भोर गाठतो."

शेफाली जुईला कडेवर घेऊन दारात आली. "बरी आहे ती. अंजिराचा चीक लागला होता."

सगुणाबाईंनी जुईकडे पाहिलं. जुईने आजीला हात हलवून दाखवला. टेम्पोच्या चाकाला टेकून सगुणाबाई तिथेच मातीत बसल्या.

स्वरूप वडिलांना घेऊन परतला तेव्हा उन्हं डोंगरावर चढली होती. ओसरीवर ताटलीत वड्या होत्या, डोळ्यांत औषध घातल्याने आजोबांना धूसर दिसत होतं, आणि जुई त्यांना एकेक वडी चाचपून कडेची की मधली ते ओळखायला लावायला लागली. काय झालं ते शेफालीने नवऱ्याला थोडक्यात सांगितलं. त्याने गाडीची किल्ली हातात तशीच फिरवत विचारलं, "मग निघायचं ना?"

शेफाली आत गेली. सगुणाबाई पातेल्यातलं मीठ काढत होत्या. अंगठ्याला चिंधी बांधलेली होती.

"आई, मी जुईला ठेवून जाते. एकतीस तारखेला येऊ न्यायला. सुई कशी द्यायची ते आता दाखवते तुम्हाला."

सगुणाबाईंचे हात थांबले.

"न्हाई," त्या म्हणाल्या. "तिला घेऊन जा."

शेफालीला वाटलं आपण चुकीचं ऐकलं. "मघाशी मी बोलले, त्याचा राग..."

"राग कसला. तू बोललीस त्ये बरूबर व्हतं." त्यांनी मिठाचा चमचा खाली ठेवला. "म्या पळत व्हते ना, तवा वाटलं, माघारी येऊन काय दिसंल. त्या दिवाळीलाबी असंच झालं. तवापासनं जीव थाऱ्यावर न्हाई. तुला वाटतं म्हातारी बोलत न्हाई. काय बोलू? बोलाया गेलं की तिचं त्वांडच दिसतं." त्यांनी दोन्ही हात पुढे धरले. ते थरथरत होते, सकाळपासून पहिल्यांदाच त्यांनी ते लपवले नाहीत. "ह्या हातांनी सुई व्हायची न्हाई. एकटीच्या भरवशावर नगं ठिवू माज्या."

बाहेर स्वरूपने गाडीचं दार उघडल्याचा आवाज आला.

शेफालीने त्या हातांकडे पाहिलं. मग ती खाली चुलीसमोर बसली आणि निखाऱ्यांवर हात शेकत तिने विचारलं,

"रात्री इथं थंडी फार पडते का, आई? मी माझी शालसुद्धा आणली नाही."

प्रश्न समजायला सगुणाबाईंना जरा वेळ लागला.

"पडती," त्या म्हणाल्या. "धरनावरनं वारं येतं. पर वाकळा लई हायेत."