यहूदासाठी बसायला कोणी मिळेना

ही गोष्ट १८७१ सालची, मेक्सिकोतल्या आत्लिस्को गावची. चित्रकार फाउस्तिनो राजधानीत शिकून परतला, तो लढाया आणि सम्राट रंगवायचे म्हणून. गावाला हवे होते संत. मग लढाईसाठी रेखाटलेले त्याचे घोडे एकेक करून बेथलेहेमची गाढवं झाले. गाढव म्हणूनच ते जास्त शोभतात, हे त्यालाही कबूल होतं.

त्या साली पाद्रीबाबांनी चर्चसाठी प्रभूचं शेवटचं भोजन रंगवायला सांगितलं. शिष्यांच्या चेहऱ्यांसाठी गावकरीच त्याच्यासमोर बसले. बेकरीवाल्या डॉन लासारोंना फाउस्तिनोने मुद्दाम स्वर्गाची किल्ली सांभाळणारा संत पेत्र केलं, कारण त्यांची मुलगी ब्राउलिया त्याला बायको म्हणून हवी होती. लासारो मात्र, भिंतीवर जेवण रंगवणारा ताटात काय वाढणार, असं गावभर विचारत. प्रभूला दगा देणारा यहूदा व्हायला कोणीच तयार होईना. शेवटी फाउस्तिनो आरसा घेऊन स्वतःच यहूदा झाला. नम्रता वगैरे काही नाही, तो म्हणे, वेळेवर येणारा तेवढा एकच होता. चेहरा इतका हुबेहूब उतरला की बायका त्याला रस्त्यात पाहून क्रूसाची खूण करू लागल्या.

ईस्टरच्या आदल्या दिवशी चौकात वेत आणि कागदाचा यहूदाचा पुतळा फटाके बांधून जाळतात. त्या वर्षीच्या यहूदाला फाउस्तिनोची टोपी होती, दाढीही त्याचीच. ब्राउलिया बापाशेजारी मान खाली घालून उभी. आपण चिडून निघून गेलो तर ही हातची गेली, हे त्याला कळत होतं. पण त्याची नजर पुतळ्याच्या नाकावर अडली.

"हे कोणी केलंय?"

"मी, मास्तर," पुतळेवाला तिबुर्सिओ चाचरत म्हणाला.

"माझं नाक इतकं सरळ कुठंय रे? जाळायचंच तर नीट जाळा. शिडी आण, आणि जरा काळा रंग."

वर चढून त्याने नाकाला बाक दिला, डोळ्यांखाली सावली दिली, आणि काम कसं दिसतंय ते बघायला सवयीने एक पाऊल मागे सरला. शिडीवर मागे जागा नसते.

तो पडलेला पाहून अख्खा चौक हसला. लासारो डोळे पुसत म्हणाले, "ब्राउलिये, याला घरी ने बाई. बाहेर ठेवला तर लोक खरंच जाळतील."

जूनमध्ये लग्न झालं. तिबुर्सिओ पुएब्लाला जाऊन फटाकेवाला झाला. लासारो म्हातारे होईपर्यंत लोक त्यांच्याकडे स्वर्गाची किल्ली मागत राहिले. फाउस्तिनोने एकच लढाई रंगवली, ती गावच्या कचेरीत खुर्च्यांच्या ढिगामागे आहे. तो गेल्यावर ब्राउलिया दर रविवारी चर्चमधल्या चित्रातल्या यहूदासमोर मेणबत्ती लावायची. पाद्रीबाबांनी पुष्कळ सांगून पाहिलं, तिने ऐकलं नाही.