मी लाथ का झाडली

मित्रांनो, मी मुरुमजवळच्या एका गोठ्यातली जुनी म्हैस आहे. नाव चंद्री. दात झिजलेत, पण शिंगं अजून पाठीवर रेलून बसतात. उगीच कीव करू नका; सात वेतं झाली माझी, आणि हे घर माझ्याच दुधावर उभं राहिलंय.

माझी मालकीण रुद्रम्मा. पारडू जन्मलं की त्याच्या अंगावर मीठ भुरभुरायची, म्हणजे मी चाटावं. स्वतःचं लेकरू चाटायला मला मीठ कशाला हवं? पण बाईचं मन राखायला मी मिठासकट चाटायची.

यंदा पारडी झाली. कपाळावर पांढरा चांद. दहाव्या दिवशी तिनं कासेला ढुसणी दिली आणि कासेत निखारा पेटला. लाथ गेली. लेकरू भिंतीवर आपटलं. मी लगेच तिला चाटू लागले, पण ते कुणाच्या ध्यानात?

"माजलीया भवानी! पोटच्या पोरीला लाथ?" रुद्रम्मा कडाडली.

शेजारची गजराबाई म्हणाली, "दिष्ट लागली, आक्का. पोरीला दूर बांधा, न्हाय तर जीव घेईल ही."

मिरच्या ओवाळल्या. माझे मागचे पाय दाव्यानं आवळले. पारडीला पलीकडं बांधून बाटलीनं शेळीचं दूध पाजलं. ती रेकायची, मी दावं ताणायची. तिला हगवण लागली. पाचव्या दिवशी रेकणं थांबलं. तिचं कातडं तेवढं काढून ठेवलं.

मग दुधात रक्ताच्या गुठळ्या आल्या, तेव्हा कुठं डॉक्टर आठवला! उमरग्याहून शिवरंजनी डॉक्टरीणबाई आल्या. त्यांनी आधी सुई काढली नाही. लाथेची हकीकत ऐकत माझ्याकडं बघत उभ्या राहिल्या.

"आक्का, ही पारडीला चाटायची का?"

"चाटायची की. पर पिऊ देत नव्हती."

"मग राग पारडीवर नव्हता. हिला दगडी झालीय, कास आतून सुजलीय. दुखत होतं म्हणून लाथ मारली. त्याच दिवशी बोलवायचं होतं."

रुद्रम्मानं माझ्या मागच्या पायांचं दावं सोडलं. "माय, आन् म्या तुला भवानी म्हणलं गं."

औषधानं कास बरी झाली, पण मी पान्हा सोडेना. म्हणून पारडीच्या कातड्यात कडबा भरून ते माझ्यापुढं उभं केलं, म्हणजे मला लेकरूच वाटावं. कपाळावर तोच चांद.

मित्रांनो, जनावरानं लाथ झाडली तर काठी शोधू नका. त्याला कुठं दुखतंय ते शोधा. आमच्याकडं बोलायला लाथ तेवढीच असते.

रुद्रम्मानं त्या कातड्यावर मीठ भुरभुरलं. मी हुंगलं. नुसता कडबा. त्या दिवशी चाटायला मला पहिल्यांदा मीठ हवं होतं.