बाळ्याच्या डोक्यावरचा माइक

मित्रांनो, मी जुना झालोय, पण माझा कान अजून तिखट आहे. मी शूटिंगचा माइक. लांब काठीच्या टोकाला अडकवून नटांच्या डोक्यावर धरतात ना, तो. चित्रात मी दिसत नाही. चुकून दिसलो तर धरणाऱ्याला शिव्या बसतात. माझ्या अंगावर पोचे आहेत, तार जोडून जोडून गाठाळली आहे. म्हणून माझी कीव करू नका. ऐकायचं असेल तर नीट ऐका.

मी परदेशातल्या कारखान्यात जन्मलो. तिथे मला बंद खोलीत ठेवून तपासलं आणि शेरा दिला, की हा आवाज जसा आहे तसा घेतो. केवढा फुगलो होतो मी! मग मुंबईच्या एका स्टुडिओत आलो आणि कळलं, की आवाज जसा आहे तसा इथे कुणालाच नको आहे.

तिथे ‘वरचा मजला’ नावाची विनोदी मालिका चालायची. तिच्यात बाळ्या नावाचा नोकर होता. डोक्याला टॉवेल, हातात फडकं. त्याचं काम राजानंद करायचा. हा जालना जिल्ह्यातल्या शहागडचा, गोदावरीच्या काठी हायवेवर वाढलेला गडी. नाटकाचं वेड घेऊन मुंबईला आला आणि त्याच्या हातात फडकं दिलं गेलं. बाळ्या म्हणाला “म्या न्हाई केलं”, की हशा. “मंग काय करू?” म्हणाला, की हशा. यात विनोद कुठे होता? नव्हताच. घरातले मालक छापील बोलायचे आणि नोकर राजानंदच्या आईसारखा बोलायचा, एवढाच काय तो विनोद. आणि लिहिणारे स्वतःला हुशार समजायचे.

खरं सांगू? सेटवर कुणी हसतही नसे. हशा मागून मशिनमधून चिकटवायचे. त्यासाठी दिग्दर्शकाने सगळ्यांना शिस्त लावली होती. वाक्य बोला, थांबा, हशाला जागा द्या, मग पुढचं वाक्य. राजानंद ती शिस्त चांगलीच शिकला. त्या रिकाम्या जागेत घरी बसलेल्या तुम्हाला हशा ऐकू यायचा. मला मात्र त्याचा श्वास ऐकू यायचा, अंधारात पायरी चाचपणाऱ्या माणसाचा असतो तसा.

मालिका वर्षानुवर्षं चालली. राजानंदला बक्षिसं मिळाली, शाली मिळाल्या. जुन्या जालन्यात तो कापड घ्यायला गेला, की रिक्षावाले ओरडायचे, “ए बाळ्या, फडकं कुठं ठिवलं?” तो हसून हात हलवायचा.

एकदा त्याने लेखकाला विचारलं, “एखाद्या भागात बाळ्याला रागवू द्या की. माणूस आहे तो.”

लेखक म्हणाला, “अरे, तुझ्या त्या भाषेत राग शोभत नाही. ऐकणाऱ्याला हसूच येतं.”

मी नेमका दोघांच्या डोक्यावर लटकत होतो. महिना संपायच्या आत राजानंदने मालिका सोडली. निरोपाच्या दिवशी निर्माते म्हणाले, “आठवण म्हणून टॉवेल ने.” मी तेव्हा भंगाराच्या खोक्यात पडलो होतो, कारण त्याच महिन्यात बिनतारी माइक आले होते. राजानंद म्हणाला, “टॉवेल तुम्हीच बांधा. मला हा माइक द्या.”

असा मी शहागडला आलो. राजानंदला स्वतःचा सिनेमा करायचा होता. गोष्ट साधी होती. रस्ता रुंद होणार म्हणून एका बाईची चहाची टपरी हलवतात, आणि गावच्या सभेत तिचा भाऊ साहेबांना जाब विचारतो. आपल्या बोलीतला राग ऐकणाऱ्याला राग म्हणूनच ऐकू जातो का, एवढंच राजानंदला बघायचं होतं. भाऊ तो स्वतः झाला. बहीण झाली गिरिजाबाई. ही खरोखरच हायवेवर टपरी चालवायची आणि तिने जन्मात नाटक केलं नव्हतं. आवाजाचं काम पायलकडे होतं. ती जालन्यात लग्नाचे व्हिडिओ करायची. नदीवरून वारा सुटला की मी फडफडायचो, म्हणून तिने मला जुन्या स्वेटरची बाही शिवून घातली. परदेशी कारखान्यात माझा एवढा लाड झाला नव्हता.

पहिल्याच दिवशी घोटाळा झाला. राजानंद एक वाक्य बोले आणि थांबे. पुन्हा एक वाक्य, पुन्हा थांबे. गिरिजाबाईने गाळणी खाली ठेवली.

“आरं राजा, तू बोलून बोलून थांबतो कामून? कुणाची वाट बघून राह्यला?”

राजानंदचा चेहरा पडला. तो उठून नदीकडे गेला, बऱ्याच वेळाने परत आला.

“आक्का, तिकडं हसायचे ना. त्यांच्यासाठी जागा सोडायची सवय लागली.”

“इथं कोण हाय हसायला? म्हशी? चल, बोल जल्दी. दूध उतू जाईन.”

त्याने खूप प्रयत्न केला, मित्रांनो. पण मालिका त्याच्या श्वासात मुरली होती. शेवटी सभेचा प्रसंग आला तेव्हा त्याने आपली सगळी वाक्यं खोडली. पायल म्हणाली, “दादा, ह्या सीनसाठी तर तुम्ही सिनेमा करून राह्यले.” तो म्हणाला, “भाऊ नुसता उभा राहील. बहीण बोलेल.”

आणि गिरिजाबाई बोलली. मागे ट्रक गरजत होते.

“साहेब, रस्ता करा, बिलकुल करा. पर मला इचारलं का कुणी? मी काय वाटंत पडलेला धोंडा हाय, पायानं बाजूला सारायला? माझा संसार इथं उकळला, ह्या चुलीवर!”

ती थांबलीच नाही. श्वास घ्यायलासुद्धा नाही. मी सगळं घेतलं, तिच्या घशातल्या खरखरीसकट.

सिनेमा तयार झाल्यावर मुंबईहून एका कंपनीचा प्रितम नावाचा माणूस आला. सिनेमा आवडला, म्हणाला. फक्त गिरिजाबाईचा आवाज बदलू. नमुना म्हणून त्याने तो प्रसंग एका नटीच्या आवाजात करूनच आणला होता. टपरीवर बसून त्याने तो लॅपटॉपवर लावला. तोंड गिरिजाबाईचं आणि आवाज अत्तर लावलेला.

गिरिजाबाईने शेवटपर्यंत बघितलं. म्हणाली, “बाई चांगली बोलती. पर हिची टपरी गेलीच न्हाई.”

“मावशी, लोकांना कळलं पाहिजे ना.”

“तू आल्यापून दोन कप चहा पेला, बाबा. माझं बोलणं न कळताच पेला का?”

प्रितम राजानंदकडे वळला. “सर, एवढं एक करा, सिनेमा सगळीकडे जाईल. नाहीतर कपाटात राहील.”

राजानंद म्हणाला, “राहू द्या. पण कपाटातही तो तिच्याच आवाजात राहील.”

प्रितम गेला तो गेलाच. कुठल्याही चॅनेलने सिनेमा घेतला नाही. मग राजानंदने जुन्या जालन्यातलं एक मंगल कार्यालय ठरवलं, भिंतींवर स्वतः कागद चिकटवले. पायलने मलाही तिथे नेलं. तिला प्रेक्षकांचा आवाज टिपायचा होता. पडद्यावर राजानंद दिसताच ओरडा झाला, “आला रे बाळ्या!” हशा पिकला, शिट्ट्या झाल्या. राजानंद भिंतीला टेकून उभा होता, हाताच्या मुठी आवळून.

मग सभेचा प्रसंग आला. गिरिजाबाई बोलू लागली. मी कान टवकारले. एक खुर्ची करकरली नाही. हसू नाही, खोकला नाही. ती “चुलीवर” म्हणाली आणि मागच्या रांगेतून धान्याचे एक म्हातारे व्यापारी उठून ओरडले, “बराबर हाय तिचं! कोण हाय तो साहेब?”

मित्रांनो, राग पोचला होता.

आता माझ्याविषयी. शाळेच्या कार्यक्रमात मी किंवा माझा एखादा भाऊबंद तुमच्या हाती येईल. त्याच्यावर थापट्या मारू नका, फुंकर मारू नका, ओल्या हाताने धरू नका. आणि त्याच्यासमोर उसना आवाज तर मुळीच काढू नका. त्याने आमचं जेवढं नुकसान होतं तेवढं पाण्यानेही होत नाही. घरात भांडताना जसं बोलता तसंच बोला. कुणी हसलं तर हसू द्या. तुम्ही तुमचं बोलणं पुरं करा.