दोन रांगांमधली वाट

वासाने नाक मुरडलंत तरी मी रागावणार नाही. मी कांदा साठवायची चाळ आहे. देवळा गावाच्या पुढे, दोन भावांच्या शेतांच्या मधोमध उभी असलेली. 'असलेली' म्हणावं की 'असायची', तेच नीट कळत नाहीये, कारण माझे पत्रे आज सकाळी उतरवले. संध्याकाळपर्यंत बांबूही जातील. तेवढ्यात सांगते, जमेल तसं.

मला कारभारीदादा आणि त्यांचा धाकटा भाऊ धनराज यांनी मिळून बांधलं. दोन बाजूंना कांद्याच्या दोन रांगा आणि मधे माणूस चालेल एवढी वाट. वारा चांगला लागायचा तो बांधावर, म्हणून त्यांनी बांधच सपाट केला. हद्दीचा दगड मधे येत होता, तो माझ्या एका खांबाच्या पायात टाकला.

"भावाभावांत दगड कशाला?" असं कारभारीदादा म्हणाले आणि दोघं हसले. वरून सिमेंट ओतलं.

उन्हाळ कांदा पोटात भरला की माझा जीव थाऱ्यावर नसायचा. वारा पुरतोय ना? खालून ओल चढत नाही ना? एक नासला की शेजारचा नासतो. बाकीच्या चाळी इतकं मनाला लावून घेत नसाव्यात. दादांची बायको लंकाबाई रोज बांबूच्या फटीतून हात आत घालायची. हाताला ऊब लागली की समजायचं, आत काहीतरी बिघडलंय. मला वाटायचं, हिचा माझ्यावर भरवसा नाही. पुढे कळलं, काळजी अशीच करतात, हात घालून.

लंकाबाईचा मुलगा नाशिकला इंदिरानगरात नोकरीला, सणापुरता येणारा. म्हणून धनराजच्या बायकोला, सुवर्णाला, आरोही झाली, तेव्हा ती जणू लंकाबाईलाच झाली. आरोहीची झोळी माझ्या मधल्या वाटेत टांगलेली असे. कांदा निवडता निवडता लंकाबाई पायाने झोका द्यायची.

मग शेजारून रस्ता निघाला, जमिनीला भाव आला, आणि हद्द कुठे होती ते दोघा भावांना आठवेना. म्हणजे आठवत होती, पण दोघांना वेगवेगळी. दगड माझ्या पायाखाली होता. पण जागेवरून हललेला दगड काय साक्ष देणार?

खालच्या कोर्टात निकाल दादांच्या बाजूने लागला. धनराज नाशिकला अपिलात गेला. तिथे सांगितलं, अपिलाचं ठरेपर्यंत सगळं जैसे थे, चाळीला कुणी हात लावायचा नाही. त्या दोन शब्दांवर मी जगले.

भाऊ बोलेनासे झाले. पण कांद्याला कोर्ट कळत नाही, तो निवडावाच लागतो. दोघी जावा मधल्या वाटेत पाठीला पाठ लावून बसायच्या.

"ताई, तुमच्या बाजूला कांद्यावर काळी काजळी धरलीय बघा."

"माझ्या बाजूचं मी बघते. तुझी पोर खोकती रात्रीची, तिच्याकडं बघ."

दुसऱ्या दिवशी सुवर्णाच्या बाजूच्या फटीत ओव्याची पुरचुंडी खोचलेली असायची. कुणी खोचली, हे कुणी विचारायचं नाही. आरोही शाळेतून आली की वाटेच्या एका टोकाने शिरायची आणि दुसऱ्या टोकाने मोठ्या आईच्या, म्हणजे लंकाबाईच्या, घरी जेवायला पळायची.

अशात तडजोड ठरली. जज्जसाहेबांनीच सुचवलं म्हणे. नवी हद्द सरळ मधोमध, कुणाचंही जास्त नाही, कमी नाही. जमिनीचं एका बैठकीत मिटलं. राहिले मी. वकील म्हणाले, चाळीचं तुम्हीच ठरवून या. म्हणून सगळे माझ्यापाशी आले.

"दादा, चाळ तुम्ही ठेवा. मी नवी बांधीन," धनराज म्हणाला.

"मला काय करायची? तुझा माल लय. तू ठेव."

"उपकार नको मला."

"उपकार कोन करतंय? मी ठेवली तर गाव म्हणंल, कारभारीनं धाकट्याचं खाल्लं."

"आन मी ठेवली तर म्हणतील, हरला तरी घेऊन गेला."

लंकाबाईने पदर सावरला. "असू द्या ना दोघांची. ती काय खायला मागती का?"

"वहिनी, दोघांची होती म्हणून तर नाशिकच्या चकरा झाल्या."

इतकी वर्षं दोघांनी मला ओढलं, तेव्हा मी शाबूत होते. आता दोघं मला एकमेकांना देऊ लागले आणि मी मोडले. लिहिलं गेलं, चाळ उतरवावी, सामान निम्मं निम्मं, मधे तारेचं कुंपण. कोर्टात सह्या झाल्या. गावात पेढे वाटले. मलाही आनंद व्हायला हवा होता. कदाचित माझंच काहीतरी चुकत असेल.

दुपारी खांब उखडताना तो दगड निघाला. दादांनी त्याच्यावरची माती पंजाने पुसली. धनराज जवळ आला. मला वाटलं, आता हसतील. धनराजने दगड उचलून कुंपणाच्या खुंटाशी लावला आणि दादा म्हणाले, "जरा डावीकडं घे." एवढंच बोलणं झालं.

माझी एवढीच विनंती आहे. भांडणं मिटवा, जरूर मिटवा. पण सह्या करण्याआधी त्या भांडणातून रोज कोण ये-जा करत होतं, तेवढं विचारा.

आता तार ओढून झाली आहे. आरोही दप्तर घेऊन पलीकडे उभी आहे.

"मोठी आई, आता मी कुठून येऊ?"

"रस्त्यानं ये."

"आई एकटीला रस्त्यावर सोडत नाही."

"बरोबर करती. गाड्या लय झाल्यात." लंकाबाईने रस्त्याकडे पाहिलं. "मोठी झाली की ये."

सुवर्णा तिच्या मागे उभी आहे.

लंकाबाईने सवयीने हात पुढे केला, तारांच्या फटीतून, आणि पोरीच्या कपाळावर ठेवला. ऊब आहे का, ते बघत राहिली.